आईने पाठवलेले व्हिडिओ

१४ मार्च

प्रिय छोटी,

कित्येक महिन्यांत तुला एक ओळ लिहिली नाही, माफ कर. डायरी रोज भरते आणि बहिणीला पत्र जात नाही, याला आळस म्हणावं की आणखी काही, मलाच ठरवता येत नाही; म्हणून आज डायरीच्या पानावरच तुला लिहितोय.

आईने तुला ऑपरेशनमध्ये पोट फाडल्याचे व्हिडिओ पाठवले आणि तू वैतागून तिला ब्लॉक केलंस, हे तुझ्या वहिनीकडून कळलं. तुझं चुकलं असं म्हणवत नाही; सुई पाहिली तरी तुला चक्कर येते. मलाही वाटलं, जन्मभर शिलाई मशीन चालवलेल्या बाईला या वयात हा कसला नाद? म्हणून रविवारी जेवणानंतर मुद्दाम तिच्या शेजारी जाऊन बसलो. ‘दृश्ये विचलित करू शकतात’ अशी सूचना आली की आपण मोबाइल खाली ठेवतो. आईसाहेब चष्मा पुसून घेतात. डॉक्टर टाके घालायला लागला तर म्हणे, “पोतं शिवतोय मेला. माझ्याकडे असता तर सगळं उसवायला लावलं असतं.” मी बोटांच्या फटीतून बघत होतो, तर मलाही बोलणी बसली. “नीट बघ नाहीतर ऊठ. अर्धवट बघितलं की जास्त भीती वाटते.”

गंमत म्हणजे मी उठलो नाही. किळस येत होती आणि पुढचं पाहायचंही होतं. दुसऱ्याच्या यातनांची मजा वाटत होती का? थोडी असेलही, नाही कशाला म्हणू. पण जे घरात कुणी बोलत नाही ते तिथे उघडं दिसतं, आणि सोसवेना झालं की अंगठ्याने थांबवता येतं. आईला विचारलं, तर तिने व्हिडिओखालचा आकडा दाखवला. “चाळीस लाख लोकांनी बघितलंय. एवढी माणसं माझ्यासारखीच घाबरट, मग मी एकटीच कशाला लाजू?”

लाजण्यासारखं काय झालंय, असं विचारल्यावर उलगडा झाला. तिच्या पित्ताशयात खडे आहेत, ऑपरेशन करावं लागणार आहे. आपल्याला तोंडाने सांगणं तिला जमेना, म्हणून ते व्हिडिओ. डॉक्टरांशी मी बोललो. नेहमीचं ऑपरेशन आहे, घाबरू नकोस. तिची तयारी जोरात आहे, टाक्यांवर लक्ष ठेवायला वहिनीला बजावून झालंय. फक्त तू जवळ असावंस असं तिला वाटतं, आणि तेवढं ती मरेस्तोवर बोलणार नाही. तेव्हा आधी तिला ब्लॉकमधून सोड, मग तिकीट काढ. नवा व्हिडिओ आलाच तर डोळे झाकून का होईना, शेवटपर्यंत चालू ठेव. ती टाक्यांबद्दल विचारणार.

तुझाच,
दादा

उद्या: आईबरोबर दवाखान्यात जाऊन तारीख घेणे.