दूध ढवळणारी बाई

४ जानेवारी
मिळालं काम! या भागात मी मरत नाही – मारते. आजवर टीव्हीवरच्या या गुन्ह्यांच्या मालिकेत नुसती मढीच झाले. आई म्हणाली, "बरं झालं बाई, एकदाची जिवंत दिसशील."

गोष्ट खरी घडलेली. बायकोनं नवऱ्याला दुधातून विष दिलं, असा आरोप. ती तुरुंगात आहे, खटला चालू आहे. दिग्दर्शकाला विचारलं, "तिनंच केलंय हे नक्की का?"

"ते कोर्ट बघेल. तू दूध ढवळ."

११ जानेवारी
ढवळताना हसायचं होतं. संहितेत नव्हतं, ऐनवेळी सांगितलं – "किंचित. ओठांच्या कोपऱ्यातून." हसले. कॅमेरावाला म्हणाला, अंगावर काटा आला. घरी येईपर्यंत जमिनीवर पाय नव्हते माझे!

२ मार्च
भाग दाखवला. दुकानदारानं ओळखलं. "ताई, दूध देऊ का?" सगळी रांग हसली. मीही हसले. नेमकं तेच हसू आलं, मेलं.

९ मार्च
स्टुडिओच्या फाटकाशी एकजण उभा होता. त्या बाईचा भाऊ. वाटलं, आता शिव्या देणार. पण आवाजसुद्धा चढवला नाही. "भाची शाळेत जाईना झालीय. पोरं तिच्यासमोर पेल्यात चमचा फिरवतात." मग जाता जाता – "आमची ताई तशी हसत नाही हो."

मी काय म्हणाले? "मी फक्त माझं काम केलं."

शी!

१५ मार्च
मालिकेवर रान उठलंय. बंदी घाला म्हणताहेत. दिग्दर्शक खुशीत – "फुकटची जाहिरात!" मी काम सोडलं. आई पाठीवरून हात फिरवत राहिली.

३० मार्च
झोप नाही.

१७ ऑक्टोबर
ती निर्दोष सुटली! दुधात विष नव्हतंच. बातम्यांत तिचा चेहरा जेमतेम दिसला. बाकी वेळ मीच – ढवळतेय, हसतेय.

संध्याकाळी दिग्दर्शकाचा फोन. "दुसरा भाग करतोय, ती कशी सुटली त्याचा. तूच हवीस." म्हटलं, "विचारायला जीभ कशी रेटते तुमची?" फोन ठेवला. पहिल्यांदा जरा बरं वाटलं. त्या बाईला आता तरी माझं तोंड दिसायला नको.

२० ऑक्टोबर
ती आली. स्वतः, माझ्या दारात. बसा म्हटलं तर बसली नाही. मी माफी मागायला लागले, तर हातानंच थांबवलं.

"दिग्दर्शक सांगत होते, दुसऱ्या भागाला नाही म्हणालात?"

"हो. पुन्हा तुमच्या जखमेवर मीठ कशाला..."

"करा तो. दुसरीनं केला, तर लोक म्हणतील सुटली ती बाई वेगळी. मला कोण ओळखतं? विष कालवताना त्यांनी तुम्हाला पाहिलंय. तुम्ही सुटल्याशिवाय मी सुटत नाही."