शेवटच्या पानाआधीचं पान

अगं,

मी लेकीच्या पुस्तकाच्या प्रकाशनाला पुढे गेलोय. तू येणार नाही म्हणालीस, कारण पुस्तकात शेवटी आई मुलीच्या तोंडावर दार लावते. पण सवयीप्रमाणे तू शेवटचंच पान आधी वाचलंस आणि रागानं पुस्तक मिटलंस. त्याच्या आधीचं पान वाच. बाहेर नातेवाईक तिचं लग्न ठरवायला बसलेत, आणि तिला अभ्यास करता यावा म्हणून आई दार लावून उंबऱ्यातच ठाण मांडते. खूण म्हणून तुझा चष्मा तिथंच ठेवलाय.

चारचौघांत माझं तोंड उघडत नाही, तुला माहीतच आहे. तरी शेजारची खुर्ची आज मी कुणालाही देणार नाही. फक्त लवकर ये, मला फार वेळ भांडता येईलसं वाटत नाही.