पंख्याची फरफर

शिन्चू, ११ नोव्हेंबर

प्रिय ताई,

कुआनतिंग नीट जेवतो का, असं तू दोनदा विचारलंस. आधी हिशेब ऐक. एक फोन सारखा मरत होता. तो आम्हाला दोन नवे पंखे, एक रविवार आणि तुझ्या लेकाची भूक एवढ्याला पडला. आता जेवतो. काल दोन वाडगे माशाची पेज घेतली.

तू ताइनानहून पाठवलेल्या खाऊच्या हिरव्या पुड्या पोचल्या. यंत्रांनी शहाण्यासारखं वागावं म्हणून नेहमीप्रमाणे प्रत्येक यंत्रावर एकेक ठेवून दिली, फोनच्या मांडणीवरही. हिरवीच हवी, पिवळीने यंत्र रुसतं, हे मला शिकवू नकोस. इथे झाडूवालीलाही ठाऊक आहे.

आमच्याकडे तपासायला आलेले फोन चाचणीच्या मांडणीवर रात्रंदिवस चालतात. त्यातला एकच मरायचा, म्हणजे चालता चालता गोठून पडायचा. मेलेला फोन बंद करायचा नाही. तशीच वायर जोडून त्याच्या मेमरीत असेल ते सगळं संगणकावर उतरवून घ्यायचं, म्हणजे मरताना तो काय करत होता ते कळतं. दर वेळी तेच निघायचं: स्क्रीन लावणं, विझवणं. आणि तो प्रोग्रॅम कुआनतिंगने लिहिलेला.

मला मांडणीमागून फरफर ऐकू आली होती. दुरुस्तीची टपरी होती तेव्हापासून तयार झालेले माझे कान. कुठला पंखा बिघडलाय ते मी जिना चढतानाच सांगतो. मांडणी गार ठेवणारे दोन्ही पंखे बदलून घेतले. आवाज सुधारला, असं मी म्हणालो. कोणी वाद घातला नाही.

फोन मरतच राहिला. ज्यांचे फोन, त्या वेई बाई म्हणाल्या, "झुआंग साहेब, भाचा घरी बसवा, नाहीतर काम आम्ही दुसरीकडे नेतो."

हे तुला लिहिणार नव्हतो. मी त्याला सामान आवरायला सांगितलं.

"मामा, मेमरीत आणखी एक दिसतंय. फोनला वाटतंय, कोणीतरी त्याला सारखं कानाला लावतंय आणि काढतंय."

"कोण, भूत?"

सगळे हसले. हा नाही. रविवारभर त्या फोनसमोर उपाशी बसून राहिला.

तेव्हा त्याला दिसलं: मांडणीवरच्या हिरव्या पुडीचा कोपरा पंख्याच्या वाऱ्याने फोनच्या माथ्यावर, कान जवळ आला हे ओळखणाऱ्या सेन्सरवर, टेकत होता, उठत होता. कान आला समजून फोन स्क्रीन विझवायचा, गेला समजून लावायचा, आणि शेवटी गोंधळून मरायचा. फरफर होती ती पुडीची.

त्याने ती बाजूला सरकवली. "टाकत नाही हं, मामा. आईने पाठवलीय." मग आपला प्रोग्रॅमही दुरुस्त केला, आता मुद्दाम पुडी टेकवली तरी फोन जगतो. वेई बाईंनी पुढचं काम त्याच्याकडेच दिलंय. जाताना मला म्हणाल्या, "भाचा राहू द्या. मामांचं काय करायचं ते बघा."

पुड्या पाठवत जा, पण लहान. इथे वारा फार सुटलाय. स्वतःला जप.

तुझ्या लेकाला घरी पाठवता पाठवता थांबलेला,
तुझा मिंगशू

ता. क. काढून टाकलेले दोन्ही जुने पंखे आज लावून पाहिले. उत्तम चालतात.