आबांची रापी

पाया लेबार,
रविवार, ९ ऑगस्ट २०१५

प्रिय मैत्रेयी,

आठ दिवसांपूर्वी, शनिवारी, तुमच्या ईस्ट कोस्टच्या घरी जेवताना तुझ्या बाबांची नजर माझ्या हातांवर गेली, आणि त्या क्षणी माझं सगळं बदललं. नखांत काळं पॉलिश होतं. तीनदा धुतलं होतं, तरीही. काय करतोस, असं त्यांनी विचारलं. मी तोंड उघडायच्या आत तू म्हणालीस, "बाबा, तो लॉ करतोय." शैलेंद्रकाका खूश झाले, मला आणखी एक पोळी वाढली. सरांशी भांडून दुसऱ्या वर्षातच कॉलेज सोडून आलेला मी, भडक डोक्याचा मी, ती पोळी मुकाट्याने खाल्ली. बसमध्ये तुझा इतका राग आला की तुझे सहा मेसेज उघडलेच नाहीत. तू समोर असतीस तर तो राग स्टॉपपर्यंतही टिकला नसता, हेही सांगून टाकतो.

आपली ओळख तुझ्या तुटक्या टाचेमुळे झाली. तू लॉ कॉलेजातल्या मूट कोर्टला, त्या सरावाच्या खटल्याला निघालेली, एमआरटी मेट्रोच्या तोंडाशी आमच्या बूट-दुरुस्तीच्या गाळ्यासमोर एका पायावर उभी. मी टाच ठोकून दिली आणि तू घाईत पुस्तक विसरलीस, जुन्या अमेरिकन वकिलांच्या चरित्रांचं. दुसऱ्या दिवशी न्यायला आलीस तोवर रॉजर शर्मनचं प्रकरण मी दोनदा वाचलं होतं. तू हसून म्हणालीस, ठेव तुझ्याकडे, हा तुमच्यातलाच आहे. तुला फक्त बूट म्हणायचे होते. आमच्या घराण्याचं तुला ठाऊक नव्हतं, आणि मी सांगितलं नाही.

शर्मन कॉलेजात गेलाच नाही. वडील वारल्यावर घर सांभाळलं, मग अवजारं पाठीवर टाकून म्हणे चालतच दुसऱ्या प्रांतात गेला. बूट शिवले, जमिनी मोजल्या, दुकान चालवलं, आणि आपलं आपण वाचून वकील झाला, पुढे न्यायाधीश. तो देश उभा राहिला त्या चारही मोठ्या कागदांवर सही असलेला तो एकटाच. आणि तुझ्या पुस्तकात त्याचं प्रकरण सुरूच होतं ते बुटांपासून. कुणी लपवलं नाही.

आमच्याकडे मात्र हा विषय तीस वर्षांत निघाला नव्हता. आबा, म्हणजे माझे पणजोबा, साताऱ्यात रस्त्याच्या कडेला बसून चपला शिवायचे. त्या चपलांवर आजोबा शाळेत गेले, मग पप्पा इंजिनिअर होऊन देश सोडून इथे हार्बरफ्रंट बंदरावर जहाज कंपनीत आले. मी गाळ्यावर बसलो त्या दिवसापासून ते माझ्याशी बोलत नव्हते. ज्यातून तीन पिढ्या धडपडून बाहेर आल्या, तिथेच पोरगा हौसेने जाऊन बसला, हे त्यांच्या जिवाला लागलं होतं. मला ते कळायचं, म्हणून तर मी जास्तच भांडायचो.

तुमच्याकडून आलो आणि त्यांना सगळं सांगितलं. तुझं खोटं, ती पोळी, माझं गप्प बसणं. सोमवारी सकाळी त्यांनी पासपोर्टच्या खणातून एक फडकं काढलं. आत चामडं कापायची रापी, गंजलेली. शेजारी स्वतःचे ऑफिसचे बूट ठेवले.

"आबांची आहे. धार लाव. माझ्या बुटांचा तळ हिनेच काप."

मैत्रेयी, दोन दिवस घासली मी ती. गाळ्याचे मालक अंकल टॅन बराच वेळ हातात फिरवत राहिले, मग त्यांचा नेहमीचा 'ला' लावून म्हणाले, असली आपल्याकडे नाही ला. तळ असा बसलाय की शिवण सापडणार नाही. कॉलेजात एवढी छाती कधी फुगली नव्हती. लॉ मी उद्या करीनही, बूट शिवत करीन. पण केल्याशिवाय म्हणणार नाही.

म्हणून हे पत्र. तू मागे गाळ्यावर दिलेले काळे बूट दुरुस्त झालेत, त्यांच्याच पिशवीत हे पत्र ठेवतोय. आज तुमच्याकडे येतोय, पिशवी दारातच तुझ्या हातात देईन. वाचायला पाच मिनिटं लागतील, तेवढा वेळ मी काकांशी आजच्या राष्ट्रदिनाच्या संचलनातल्या विमानांबद्दल बोलेन. मग सांगेन, मी काय करतो आणि आबा काय करायचे. तुला तोंडघशी पाडायचं नाही, म्हणून आधी कळवतोय. तेव्हा माझ्या शेजारी येऊन बसलीस तर जग जिंकल्यासारखं होईल. नाही बसलीस तरी सांगणारच.

एकटा येत नाहीये. पप्पा तेच बूट घालून लिफ्टपाशी उभे आहेत, मला हाका मारतायत. उरलेल्या दोन ओळी बाहेर येऊन भिंतीवर कागद धरून लिहितोय. दार ओढून घेतलं.

तुझाच, काळ्या नखांचा,
प्रीतम