वैशाखात बसवलेल्या महालक्ष्म्या

मी, श्रीमती मैथिली गोविंदराव टाकळीकर, वय ७३, निवृत्त शिक्षिका, राहणार परभणी, हे मृत्युपत्र स्वखुशीनं करून ठेवते. खुशी हा शब्द वकिलांचा. मी संतापलेली आहे. परंतु बुद्धी शाबूत आहे, डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे.

राहतं घर माझ्या पगारातून बांधलेलं, माझ्या नावावर आहे. ते थोरली मुलगी मैत्रेयी आणि धाकटा मुलगा पियुष यांना निम्मं-निम्मं मिळावं. मैत्रेयीनं परजातीतल्या सिद्धोधनशी लग्न केलं, म्हणून माझ्या पतीनं तिला दार बंद केलं होतं. ते वारले, तेव्हा त्यांचा हुकूमही सरणावर गेला असं मी धरून चालले. पियुषनं तो राखेतून वेचून आणला.

कसा, ते नोंदवून ठेवते. गेल्या वैशाखात पियुषला आमच्या घरावर माहितीपट काढायची हुक्की आली. भाद्रपदापर्यंत दम निघेना, म्हणून भर उन्हाळ्यात महालक्ष्म्या बसवायला लावल्या. आवाज येतो म्हणून पंखा बंद. सोळा भाज्यांच्या जागी चार. धाकट्या महालक्ष्मीला साडी नेसवताना माझा हात थांबला. तिच्या निऱ्या नेहमी मैत्रेयी घालायची. मला रडू फुटलं.

"रडायलीस ना, रड आई. कॅमेरा चालूच आहे," पियुष म्हणाला.

"मैत्रेयीची आठवण यायली रे," हे मी कॅमेऱ्यासमोर स्पष्ट बोलले.

सभागृहात माहितीपट दाखवला, त्यात माझं रडणं होतं, वाक्य नव्हतं. वरून पियुषचा आवाज : बाबा गेल्यापासून आई अशीच रडते. पुढे : मी त्यांचं एकुलतं एक लेकरू. मैत्रेयी पिंगळीहून आली होती, शेवटच्या रांगेत बसली होती. बाहेर मला म्हणाली, "आई, लय छान दिसायलीस तू." आणि रिक्षात बसून निघून गेली. पियुषला जाब विचारला तर म्हणतो, "काकांना चाललं नसतं, आई." काका म्हणजे माझे दीर. माझे अश्रू कुणाच्या नावावर लावायचे, हे दिरांना विचारून ठरायला लागलं!

तरी पियुषला घरातून वगळत नाही. पोटच्या लेकराला वगळलं की कसं दिसतं, ते मी पडद्यावर पाहिलं आहे. माझ्या शोकेसमधली त्या माहितीपटाला मिळालेली ढाल मात्र त्यानं उचलून न्यावी.

महालक्ष्म्यांचे दोन्ही पितळी मुखवटे मैत्रेयीचे. ते सुनेकडे जातात, लेकीकडे नाही, असं भावकी म्हणेल. म्हणू दे. मैत्रेयीनं ते बसवावेत किंवा नुसते पुसून कपाटात ठेवावेत. तिला माझी काही अट नाही.

अट पियुषला आहे. ही सही करतानाचं चित्रीकरण शेजारची निकिता मोबाईलवर करते आहे. माझ्या तेराव्याला, त्याच सभागृहात, त्याच पाहुण्यांना त्यानं ते दाखवावं. संगीत घालू नये. न दाखवल्यास काय, ते लिहीत नाही. तो माझा मुलगा आहे. त्या चित्रीकरणात मी खुर्चीवर बसून एवढंच सांगते : मला दोन लेकरं आहेत. थोरली मैत्रेयी.

स्थळ : परभणी
दि. १२ जानेवारी २०२६

सही : मैथिली गोविंदराव टाकळीकर

समक्ष साक्षीदार (माहितीपट दाखवला त्या दिवशी दोघांनीही टाळ्या वाजवल्या होत्या) :
१. श्रीराम बन्सीधर जिंतूरकर
२. पद्मजा चंद्रभान सेलूकर