रबरी अंगरख्याची चेन

मी, गुरुनाथ सदाशिव खांबेटे, वय चौऱ्याहत्तर, निवृत्त अणुवीज अभियंता, राहणार चँडलर, ॲरिझोना, हे मृत्युपत्र राजीखुशीने लिहून ठेवतो. डोकं ठिकाणावर असल्याचा दाखला डॉक्टरांनी दिला आहे. बायकोने अजून दिलेला नाही.

१. घर आणि बचत पत्नी मीनाक्षीला. गॅरेजमधल्या माझ्या जपानी राक्षसपटांच्या एकशेबारा कॅसेट तिने चाळीस वर्षं सहन केल्या, त्या मानाने हे कमीच.

२. मेहुणा दिगंबर याला काहीही नाही. साक्षीदाराला वाटा नसावा, असं वकील म्हणाले. इतकी वर्षं मी असंच सबळ कारण शोधत होतो. इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या गणेशोत्सवात मी रबरी अंगरखा चढवून, राक्षस होऊन पुठ्ठ्याच्या शहरावर चाल करून गेलो आणि स्वतःच्याच शेपटीत अडकून तोंडावर आपटलो, तेव्हा हा "वन्स मोअर" ओरडला होता.

३. तो अंगरखा, शेपटीसकट, आणि सगळ्या कॅसेट कन्या इला हिला. तिने याच सिनेमांवर पीएच.डी. केली. एकदा जेवताना म्हणाली, "बाबा, १९५४चा पहिला राक्षस हायड्रोजन बॉम्बच्या चाचणीने जागा होतो. नऊ वर्षांपूर्वी दोन शहरं गमावलेल्या लोकांचं दुःख आहे ते. तो सिनेमा अमेरिकेत आणताना बॉम्बचं बरंच बोलणं कापलं, अँड दे जस्ट पेस्टेड इन ॲन अमेरिकन रिपोर्टर!"

मी आपला इमारती पडल्या की टाळ्या पिटणारा. मला वाटलं, पोरगी माझ्या नोकरीवर घसरली. म्हणालो, "रबरी पालीवर कोणी डॉक्टर होतं का?" ती ताटावरून उठली. त्याला सहा वर्षं झाली. मंडळात मी सांगतो, इला डेटा सायन्समध्ये आहे. म्हणजे मीही कापलं आणि चिकटवलं. वा रे शहाणा!

४. अंगरख्याची चेन पाठीला आहे, आतल्या माणसाला उघडता येत नाही. त्या दिवशी मी पडलो तेव्हा सगळे हसत होते. सात वर्षांची इला रडत स्टेजवर धावली आणि तिनेच ती ओढली.

५. बाकीची कलमं मी गेल्यावर. हे मात्र आजपासून लागू: इला, माझं चुकलं. या कागदाची प्रत तुला आजच पाठवतोय. मी मरायची वाट बघू नकोस. ये. माझा हात पाठीपर्यंत पोचत नाही.

सही: गुरुनाथ स. खांबेटे
चँडलर, १४ नोव्हेंबर २०२५

साक्षीदार:
कांचन राजवाडे, शेजारीण
दिगंबर टिपणीस, मेहुणा (प्रत पोस्टात मीच टाकणार आहे. भावोजींचा भरवसा नाही, पोस्टापर्यंत जातील आणि गाडीतून उतरायचेच नाहीत.)