कीरा म्हणजे काळी

आई, तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, तरी तुम्हाला 'आई' म्हणताना माझा हात पदर सारखा करायला खांद्याकडे जातो. इथे जपानात, हिगाशी-कसाईच्या घरी आठव्या मजल्यावर, अंगात ट्रॅक पॅन्ट आणि जुना टी-शर्ट, पदर कुठला आलाय! तर ऐका. तुमच्या नातीला मुलगी झाली. रविवारी बारसं झालं. तुमच्या घराण्यात इतकं गोरं मूल आजवर जन्मलं नसेल. तांबूस जावळ, आणि कातडी इतकी पातळ की कानशिलावरच्या निळ्या शिरा दिसतात. तुम्ही असतात तर तिला दुपट्यात गुंडाळून अख्ख्या पेठेत मिरवून आणली असतीत. तिचं नाव ठेवलंय कीरा. अर्थ सांगते, घाई करू नका. हे सगळं लिहून झालं की तुमच्या फोटोसमोर मोठ्याने वाचणार आहे, कारण तुम्ही होतात तोवर तुमच्यापुढे मला एक वाक्य धड पुरं करता आलं नाही.

आधी तुम्हाला तुमच्याच दिवाणखान्यात नेते. माप ओलांडून मी नुकतीच आत आलेय. लक्ष्मीपूजन झालंय, चांदीच्या ताटात तांदूळ पसरलेत, आणि तुमचा मुलगा सोन्याची अंगठी बोटांत धरून बसलाय. माझ्या वडिलांनी मला ठेवलेल्या नावाचा अर्थ सावळी, रात्रीच्या रंगाची. त्यांच्या आईचा रंग माझ्यात उतरला म्हणून त्यांनी ते हौसेने ठेवलं होतं. ते नाव मी इथे लिहीत नाही, तुमच्या कानावर पुन्हा जायला नको. तुमचा मुलगा विचारतो, "आहे तेच लिहू का?" आणि तुम्ही त्याचं मनगट धरता. "काळीला काळंच नाव? लोक हसतील रे! निदान नाव तरी गोरं असू दे." बायका खो खो हसतात. माझे वडील दाराशी उभे असतात, तेही हसतात. मुलीचा बाप, करतो काय बिचारा! तांदळावर अंगठी फिरली आणि मी गोरी झाले. दुसऱ्या दिवशी त्याच तांदळाचा तुम्ही भात लावलात आणि मला आग्रह करकरून वाढलात. मी तो जेवले हो, मुकाट्याने, लोणच्याशी.

नाव बदललं तरी कातडी कुठे ऐकते! मग दर रविवारी न्हाणीघरात डाळीच्या पिठाची आणि सायीची वाटी. दिवस राहिले तेव्हा केशराचं दूध, मी नको म्हटलं तरी, ओकले तरी. आम्ही इकडे जपानला आलो तर तुम्ही केशराची डबी पार्सलने पाठवलीत, वर चिठ्ठी, 'रोज चार काड्या, विसरू नये.' मुलगी बापाच्या रंगावर गेली तेव्हा तुम्ही फोनवर देवाचे आभार मानलेत, आणि माझी तब्येत विचारायची राहून गेली. मग इथे राहायला आलात. स्टेशनजवळच्या औषधांच्या दुकानात गोरं करणाऱ्या क्रीमच्या बाटल्यांची ती रांग बघून तुमचे डोळे असे चमकले! "बघ, जपानी लोक उगाच नाही पुढे गेले." उन्हाळ्यातही हातमोजे घालून, छत्री धरून सायकल चालवणाऱ्या बायका बघितल्यात आणि तुम्हाला माहेर भेटल्यासारखं झालं. त्याच संध्याकाळी नदीकाठच्या मैदानात पोर घसरगुंडीवर खेळत होती. तुम्ही तिला ओढून सावलीत आणलंत आणि म्हणालात, "आईसारखी व्हायचंय का तुला?" पाच वर्षांची पोर माझ्याकडे बघत राहिली. मला तुम्ही आयुष्यभर जे काही बोललात ना, ते एका बाजूला आणि हे एक वाक्य दुसऱ्या बाजूला. त्या दिवसापासून मी उट्टं काढायची वाट बघत होते. तुम्ही आधीच गेलात, म्हणजे तिथेही तुमचंच खरं झालं.

आता आत्ताचं. जावई आयर्लंडचा आहे. इंग्रजी शिकवायला आला आणि आपल्या पोरीपाशी अडकला. मला तो 'आई-सान' म्हणतो, म्हणजे आईसाहेब, हे लेकीचंच शिकवणं. गेल्या महिन्यात दोघं जेवायला आली. लेकीला नववा लागलेला, मुलगी आहे हे डॉक्टरांनी इथे सांगूनच टाकलेलं. मी पिठलं-भाकरी केली होती. जेवणं झाल्यावर जावई भांडी घासायला उभा राहिला (होय, जावई, तुम्ही डोळे मोठे करा), आणि तुमच्या मुलाने घसा खाकरून विषय काढला. "आईची शेवटची इच्छा होती. घरात पहिली पणती झाली तर तिला आईचं नाव." माझ्या अंगाचा असा तिळपापड झाला! म्हणजे माझं पुसलंत ते पुसलंत, आणि आता माझ्या लेकीच्या लेकीच्या कपाळीही तुम्हीच? मी तुमच्या मुलाला म्हटलं, "बारशाच्या घुगऱ्या तुम्हीच शिजवणार आहात का?" लेक म्हणाली, "मला सर्शा हवंय." सर्शा म्हणजे स्वातंत्र्य. त्यांच्यातलं ते जुनं नाव नव्हे, देश इंग्रजांच्या हातून सुटला त्यानंतर लोक मुलींना ठेवायला लागले.

मला वाटायचं, त्या लोकांची नावं म्हणजे नुसते आवाज. तसं नाही हो. जावई फेसाळ हातांनी एकेक सांगत होता. रोनान म्हणजे सीलचं पिल्लू, समुद्रातलं ते गुळगुळीत जनावर. ऑर्ला म्हणजे सोनेरी राजकन्या. मेव म्हणजे नशा चढवणारी, आणि तुमच्या मुलाला चहा पिताना ठसका लागला. डियर्ड्रा म्हणजे दुःख असं सगळे म्हणतात, पण नक्की कुणाला ठाऊक नाही. "अगं बाई, असं नाव पोरीला ठेवतात?" मी विचारलं. "माझ्या वर्गात होती एक," तो म्हणाला, "सगळ्यात जास्त खिदळायची." मग फिनूला, म्हणजे गोऱ्या खांद्यांची. मी म्हटलं, "हे मुळीच नको. आमच्याकडे एक बाई होत्या, त्यांना फारच आवडलं असतं." लेक हसली, तुमचा मुलगा नाही हसला. मग जावई म्हणाला की त्याच्या घरात एक जुनी रीत आहे, पहिल्या मुलीला आईच्या आईचं नाव. त्याच्या बहिणीला तसंच मिळालंय. "तेव्हा आई-सान, तुमचंच नाव ठेवू या. नाहीतर त्याच अर्थाचं आमच्याकडचं शोधू. तुमच्या नावाचा अर्थ काय?"

लेकीने पासपोर्टवरचं नाव सांगितलं, तुम्ही दिलेलं. गोरी, उजळ. "मग फिनूलाच झालं की," जावई म्हणाला. मी म्हटलं, "ते माझं नाव नाही." तुमचा मुलगा चहाच्या बशीकडे बघायला लागला. लेक "एऽऽ?" करून जपानीत काहीतरी बोलली आणि मग मराठीत, "आई, म्हणजे काय?" तिला माहीतच नव्हतं, आई. कळणार कुठून? माझ्या दादानेसुद्धा तुमच्या धाकाने ते नाव टाकलं आणि नुसतं 'अगं' वर आला होता. मी सांगितलं, तांदळाचं ताट, अंगठी, सगळं. नाव सांगितलं आणि अर्थही. काळी. जावई हसेल म्हणून मी आधीच हसून घेतलं. तो नाही हसला. म्हणाला, "कीरा." त्यांच्या जुन्या भाषेत काळ्या, गडद रंगाला जो शब्द आहे त्यावरून मुलाचं कीरान आणि मुलीचं कीरा. कीरान नावाचे संत कितीतरी, आणि कीरा नावाची एक जोगीण होऊन गेली, तिने मठ चालवला. "आणि लोक हसत नाहीत?" मी विचारलं. त्याला प्रश्नच कळला नाही. हातात घासणी तशीच धरून तो म्हणाला, "कशाला हसतील?" आई, त्या एका 'कशाला'साठी मी त्या पोराला जन्मभर पिठलं करून घालीन. तुमचा मुलगा पुटपुटला, "पण आईची इच्छा..." लेकीने त्याचं बोलणं तोडलं. "बाबा, त्या दिवशी तू अंगठी खाली का नाही ठेवलीस?" तो उठून बाल्कनीत वाळत घातलेले कपडे काढायला गेला. ते अजून ओले होते.

बारशाला सोसायटीचा हॉल घेतला. पाळणा फुनाबोरीच्या एका कुटुंबाकडून मागून आणला, ट्रेनमधून, माणसांची क्षमा मागत मागत. आणि तुमचा फोटो मी मुद्दाम घरून आणला. समोरच्या खुर्चीत ठेवला, पाळण्याकडे तोंड करून, नीट ऐकू यावं म्हणून. एकेक बाई पाळण्यात वाकायची आणि म्हणायची, "किती गोरी गं! नाव काय ठेवलंत?" "कीरा." "अर्थ?" "काळी." काय सांगू, एकीचा पेढा तोंडाशीच राहिला. "अय्या काकू, मग बदला ना, अजून वेळ आहे!" मी म्हटलं, "आमच्यात नावं एकदाच बदलतात, ते झालंय." दर वेळी तुमच्या फोटोकडे बघून मी ते जरा जोरात म्हणत होते. जावयाची बहीण आयर्लंडहून आलेली, उंच, चेहराभर ठिपके. आत्या म्हणून तिने पाळण्यात डोकं घातलं, शिकवल्यासारखं "कुर्रर्र" केलं आणि नाव सांगितलं. बायकांनी पाठीत धपाटे घातले तेव्हा ती आधी गोंधळली आणि मग तिनेही उलट दोन ठेवून दिले. मी इतकी हसले की डोळ्यांना पाणी आलं. तुमच्या वंशातली सगळ्यात गोरी मुलगी, आणि जन्मभर तिला सगळे काळी म्हणणार, लाडाने, मानाने, तुमच्या देखत! सूड म्हणा हवं तर. मला फार गोड लागला तो.

इथेच थांबायला हवं होतं. पण घुगऱ्या वाढायच्या वेळी पुण्याहून दादाचा व्हिडिओ कॉल आला. लेकीने त्याला सगळं कळवलेलं होतं. फोन टेबलावर उभा केलेला, आवाज मोठा. दादा मला माझ्या नावाने हाक मारत होता. माझ्या खऱ्या नावाने, इतक्या वर्षांनी, भरलेल्या हॉलमध्ये, तुमच्या फोटोसमोर. मी द्रोण भरत होते. मनात आलं, कुणाला बोलावतोय हा, ती बाई लक्ष का देत नाही? तो पुन्हा पुन्हा हाका मारत राहिला, मग त्याचा आवाज बारीक झाला. लेक जवळ येऊन म्हणाली, "आई, मामा तुलाच बोलावतोय." मी म्हटलं, "मला?" तेवढ्यात हॉलच्या पलीकडून तुमचा मुलगा ओरडला, तुम्ही ठेवलेल्या नावाने. आणि मी "आले, आले" म्हणत डावासकट वळले.

तुमचा फोटो आत्ता माझ्यासमोर टेबलावर आहे. वाचायचं ठरवलं होतं, पण नाही वाचत. तोंडाला पदर लावून तुम्ही कशा हसायच्यात ते मला पाठ आहे. फोटो कपाटात ठेवते, आणि हे कागद उद्या इथे जाळायला वेगळा देतात त्या कचऱ्याच्या पिशवीत, तुमच्या नजरेला पडायच्या आत.